स्टीमचा गेम ६७ टक्क्यांवर अडकतो, 'डिस्क राइट एरर' येतो – एक्स्टर्नल हार्डडिस्क

सातवी_गल्ली

नमस्कार मंडळी,

स्टीमवरून (गेम विकत घेऊन उतरवायचं ॲप) ८४ जीबीचा एक गेम उतरवायचा आहे. मशीनची माहिती आधीच देतो: डेस्कटॉप, विंडोज ११, १६ जीबी रॅम. सी ड्राइव्ह म्हणजे ५१२ जीबीचा एनव्हीएमई एसएसडी, त्यात १३८ जीबी मोकळे. गेमसाठी १ टीबीची २.५ इंची एक्स्टर्नल हार्डडिस्क लावली आहे (डी ड्राइव्ह, एनटीएफएस, ४१० जीबी मोकळी). ती कॅबिनेटच्या पुढच्या यूएसबी पोर्टला आहे. नेटचा प्लॅन १०० एमबीपीएसचा.

अडचणी तीन आहेत.

पहिली: प्लॅन १०० चा असून स्टीममध्ये वेग ११ च्या वर जात नाही, आणि मधूनमधून थेट शून्यावर येतो.

दुसरी: डाउनलोड ६७ टक्क्यांवर थांबतो आणि 'डिस्क राइट एरर' दिसतो. रिझ्यूम केलं की दोन-तीन मिनिटं पुढे सरकतो, पुन्हा तेच.

तिसरी: याच डिस्कवर एक छोटा, ९ जीबीचा गेम पूर्ण उतरला. पण प्ले दाबलं की 'व्हीसीरनटाइम१४०_१.डीएलएल सापडली नाही' (म्हणजे गेमला लागणारी एक मदतनीस फाइल नाही) असं म्हणून बंद होतो.

आतापर्यंत डाउनलोड कॅशे क्लिअर केली, डाउनलोड रीजन मुंबईऐवजी चेन्नई करून पाहिलं, स्टीम काढून पुन्हा टाकलं. फरक शून्य. अँटिव्हायरस विंडोजचाच आहे, वेगळा नाही. ती डीएलएल एखाद्या साइटवरून घेऊन सिस्टम३२ मध्ये टाकली तर चालेल का?

---

बिटबाइट

पहिल्या अडचणीचं लगेच सांगतो, कारण ती अडचणच नाही. कंपनी प्लॅन मेगाबिटमध्ये सांगते, स्टीम वेग मेगाबाइटमध्ये दाखवतं. ८ बिट म्हणजे १ बाइट, म्हणून १०० भागिले ८ = १२.५. वरचा थोडा वाटा नेटवर्कच्या स्वतःच्या व्यवहारात जातो, तेव्हा ११ ते ११.५ म्हणजे तुम्हाला पूर्ण वेग मिळतोय. सेटिंग्ज → डाउनलोड्समध्ये वेग बिट्समध्ये दाखवायचा पर्याय आहे, तो सुरू केला की ९० च्या आसपास आकडा दिसेल. रीजन पुन्हा मुंबई करा, तिकडे काही बिघडलेलं नाही. १२.५ ने ८४ जीबीला जेमतेम १ तास ५२ मिनिटं लागतात, प्रत्यक्षात दोन-सव्वादोन तास धरा.

मधूनच शून्यावर येण्याचा इंटरनेटशी संबंध नाही. स्टीम फाइल्स लहान-लहान तुकड्यांत आणि दाबून पाठवतं. तुमच्या मशीनवर त्या उलगडाव्या लागतात, मग डिस्कवर लिहाव्या लागतात. डिस्क मागे पडली की स्टीम नवे तुकडे मागवणं थांबवतं. डाउनलोड्सच्या पानावरचा आलेख बघा: निळे खांब नेटचे, हिरवी रेघ डिस्कची. निळं शून्य आणि हिरवं वर असेल, तर डिस्क लिहिण्यात गुंतली आहे. दोन्ही शून्य असतील आणि तसेच मिनिटभर राहत असतील, तर डिस्क उत्तरच देत नाहीये. तुमच्याकडे यातलं काय होतं ते लिहा.

---

धूळझटक

वरच्या प्रतिसादातलं शेवटचं वाक्य महत्त्वाचं आहे, मी तिथूनच पुढे जातो.

एक कळकळीची विनंती: आता काहीही पुन्हा इन्स्टॉल करू नका. राइट एरर आला की लोक स्टीम काढतात, विंडोज बदलतात, आणि प्रत्येक वेळी पन्नास-साठ जीबी डेटा फुकट जातो. कारण नेमकं कुठे आहे ते मशीनने लिहून ठेवलेलं असतं. आधी ते वाचू.

१. स्टीमचा लॉग. सी ड्राइव्ह → प्रोग्राम फाइल्स (एक्स८६) → स्टीम → लॉग्ज. तिथे 'कंटेंट_लॉग' नावाची टेक्स्ट फाइल आहे. नोटपॅडमध्ये उघडा आणि शेवटून वर वाचत या. 'डिस्क राइट फेल्युअर' असलेल्या ओळीत कुठल्या फाइलवर गाडी अडली तिचा पूर्ण पत्ता असतो. प्रत्येक वेळी तीच फाइल असेल तर एक अर्थ, दर वेळी वेगळी असेल तर दुसरा.

२. विंडोजची नोंद. स्टार्टवर राइट क्लिक → इव्हेंट व्ह्यूअर → विंडोज लॉग्ज → सिस्टम. उजवीकडे फिल्टर करंट लॉग उघडून इव्हेंट आयडीच्या रकान्यात ७, ५१, १२९, १५३ हे चार आकडे स्वल्पविराम देऊन टाका. ७ म्हणजे डिस्कवर खराब ब्लॉक सापडला. १५३ म्हणजे एखादं वाचन किंवा लेखन पहिल्या फटक्यात झालं नाही, पुन्हा करावं लागलं. १२९ म्हणजे डिस्क उत्तर देईना म्हणून विंडोजने तिला रीसेट केलं. ५१ म्हणजे पेजिंगच्या (रॅममधला डेटा डिस्कवर ठेवण्या-आणण्याच्या) वेळी आलेला एरर. वेळा राइट एररच्या वेळांशी जुळतात का बघा.

३. क्रिस्टलडिस्कइन्फो (डिस्कची तब्येत दाखवणारं फुकट सॉफ्टवेअर) चालवा आणि ०५, सी५, सी६, सी७ या चार ओळींचे रॉ आकडे इथे द्या. पहिल्या तीन खराब सेक्टर (डिस्कवरचे छोटे कप्पे) मोजतात, सी७ जोडणीच्या चुका.

४. डिस्क पुढच्या पोर्टवरून काढून मदरबोर्डच्या मागच्या निळ्या यूएसबी ३ पोर्टला लावा. २.५ इंची डिस्कला वेगळा अडॅप्टर नसतो, ती सगळी वीज यूएसबीतूनच घेते. पुढच्या पोर्टपर्यंत कॅबिनेटच्या आत एक बारीक वायर जाते, तिथे व्होल्टेज पडतं. सलग लिहिताना डिस्कला जास्त वीज लागते आणि क्षणभर ती तुटते. पोर्ट काळा, म्हणजे यूएसबी २ असेल, तर वेगही ३०-४० एमबीच्या पुढे जात नाही. केबल लांब किंवा सैल असेल तर तीही बदला.

अँटिव्हायरसवर संशय येणं साहजिक आहे, पण विंडोजचं 'कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस' मुळात बंद असतं, आणि सुरू असलं तरी डॉक्युमेंट्स, पिक्चर्स असली फोल्डर राखतं. डी ड्राइव्हवरच्या स्टीम लायब्ररीला ते आपणहून अडवत नाही.

---

सातवी_गल्ली

केलं सगळं.

आलेख: आधी निळं शून्य आणि हिरवं वर असं होतं. ६७ टक्क्यांच्या जवळ दोन्ही शून्य, ४०-५० सेकंद, मग एरर.

लॉग: पाचपैकी चार वेळा एकच फाइल, गेमच्या फोल्डरमधली मोठी पॅक फाइल (बऱ्याच फाइल्स एकत्र बांधलेली, ११ जीबी).

इव्हेंट: १५३ भरपूर, ७ तीन वेळा. १२९ दोनदा, वेळा तंतोतंत जुळतात.

क्रिस्टलडिस्कइन्फो: पिवळं 'कॉशन' दाखवतोय. ०५ = ०, सी५ = १८, सी६ = १८, सी७ = ०.

मागच्या निळ्या पोर्टला लावूनही एरर आला. सी७ शून्य आहे म्हणजे केबल चांगली, बरोबर ना? आणि १८ खराब सेक्टर म्हणजे फार नाहीत असं वाटतं. चेकडिस्क (विंडोजची डिस्क तपासणी) करून भागेल का?

---

धूळझटक

छान तपासलंत, आता अंदाज बांधायची गरज नाही. डिस्क थकली आहे. दोष स्टीमचा नाही, नेटचाही नाही.

तुमच्या दोन समजुती आधी दुरुस्त करतो.

क्रिस्टलडिस्कइन्फो रॉ आकडे मूळ सेटिंगमध्ये हेक्समध्ये, म्हणजे दहाऐवजी सोळाच्या पटीत मोजून, दाखवतं. हेक्समधले १८ म्हणजे आपले २४. फंक्शन → ॲडव्हान्स्ड फीचर → रॉ व्हॅल्यूजमध्ये १० [डेसिमल] निवडलं की नेहमीचे आकडे दिसतील. २४ हा आकडा उगाच आलेला नाही. अलीकडच्या डिस्कवर प्रत्यक्ष सेक्टर ४ केबीचा असतो, पण ती विंडोजला ५१२ बाइटचे आठ छोटे सेक्टर असल्याचं सांगते. तीन ठिकाणं खराब झाली की ३ × ८ = २४.

सी७ बद्दल: एक्स्टर्नल डिस्कच्या डबीत एक छोटं सर्किट असतं, ते डिस्कची आतली साटा जोडणी यूएसबीत बदलतं. सी७ त्या सर्किट आणि डिस्कमधल्या जोडणीच्या चुका मोजतं. बाहेरची यूएसबी केबल त्यात येतच नाही. त्यामुळे सी७ शून्य असणं हा केबल चांगली असल्याचा दाखला नव्हे. पण तुमच्या बाबतीत पोर्ट बदलूनही तेच झालं, आणि सी५ ला केबलशी देणंघेणं नाही.

सी५ म्हणजे 'वाचता आले नाहीत, निकाल बाकी' असे सेक्टर. डिस्क तिथे पोचली की पुन्हा पुन्हा वाचायचा प्रयत्न करते, एकेका प्रयत्नात सेकंद जातात. तेवढ्या वेळात विंडोजला उत्तर मिळत नाही, ते रीसेट करतं (तुमचे १२९), स्टीमच्या हातातली फाइल सुटते, आणि पडद्यावर 'डिस्क राइट एरर' येतो. स्टीम डाउनलोड सुरू करण्याआधी पूर्ण जागा राखून ठेवतं, म्हणून ती ११ जीबीची फाइल दर वेळी त्याच जागी बसते. एकाच टक्क्यावर अडकायचं कारण हेच.

आता क्रम पाळा, तो महत्त्वाचा आहे.

आधी डिस्कवरचं जे परत मिळणार नाही (फोटो, कागदपत्रं, सेव्ह फाइल्स) ते सी ड्राइव्हवर किंवा दुसरीकडे कॉपी करा. लहान आणि महत्त्वाचं पहिलं. एखाद्या फाइलवर कॉपी अडकली तर ती स्किप करून पुढे जा, शेवटी तिच्याकडे परत या. चेकडिस्कचं पूर्ण पृष्ठभाग तपासणारं रूप (/आर जोडलेलं) आत्ता अजिबात चालवू नका. ते तासन्‌तास डिस्कचा प्रत्येक कोपरा वाचतं, आणि आजारी डिस्कवर डेटा काढायच्या आधी एवढा ताण देणं म्हणजे हातचं घालवणं.

मग स्टीममध्ये सेटिंग्ज → स्टोरेज. वरच्या यादीत सी ड्राइव्ह नसेल तर 'ॲड ड्राइव्ह' करा. अर्धवट गेमवर राइट क्लिक → मॅनेज → अनइन्स्टॉल, आणि पुन्हा इन्स्टॉल करताना सी निवडा. १३८ मधून ८४ गेले की ५४ जीबी उरतात, ते पुरेसे आहेत. पण उरलेलं भरू नका. मोठ्या पॅक फाइलचा अपडेट आला की स्टीम जुनी फाइल ठेवून शेजारी नवी बांधतं, म्हणजे २ जीबीच्या अपडेटला ११-१२ जीबी मोकळी जागा लागू शकते. शिवाय एसएसडी काठोकाठ भरला की लिहिण्याचा वेगही कोसळतो.

छोटा ९ जीबीचा गेम स्टोरेजच्या पानावरूनच 'मूव्ह'ने सी वर हलवा. हलवून झाला की राइट क्लिक → प्रॉपर्टीज → इन्स्टॉल्ड फाइल्स → व्हेरिफाय इंटिग्रिटी ऑफ गेम फाइल्स. एखादी फाइल खराब निघाली तर तेवढीच नव्याने उतरेल.

सगळं बाहेर काढल्यावर डिस्कला पूर्ण फॉरमॅट द्या, 'क्विक'ची टिक काढून. त्यात प्रत्येक सेक्टरवर लिहिलं जातं, १ टीबीला तीनएक तास धरा. लिहिताना डिस्क त्या २४ सेक्टरांचा निकाल लावते: ठीक असले तर सी५ मधून वजा होतात, नसले तर राखीव जागेत हलतात आणि ०५ वाढतो. सी५ शून्यावर आला आणि महिनाभर तसाच राहिला, तर पुन्हा उतरवता येतील असे गेम तिच्यावर ठेवायला हरकत नाही. घरचे फोटो मात्र त्या डिस्कवर परत कधीच नकोत. सी५ पुन्हा चढू लागला तर ती सरळ बाजूला काढा.

---

रनटाइम_रात्रपाळी

तिसऱ्या अडचणीवर. डीएलएल साइटवरून घेऊ नका, आणि सिस्टम३२ मध्ये हाताने तर काहीच टाकू नका. त्या फाइलमध्ये काय भरलंय ते कळायला मार्ग नसतो, हा एक धोका. दुसरा म्हणजे घोळ. ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फाइल्स असतात आणि सिसवाव६४ मध्ये ३२ बिटच्या. नावं बरोबर उलटी वाटतात. लोक ३२ बिटची फाइल सिस्टम३२ मध्ये टाकतात आणि मग '०एक्ससी००००००७बी' हा एरर सुरू होतो, तोही एकाच नाही, ती फाइल लागणाऱ्या सगळ्या गेम्सना.

ही फाइल मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल २०१५–२०२२ या एकाच पॅकेजात येते. नावाच्या शेवटी '_१' असलेली ती २०१९ च्या आवृत्तीपासून आली, आणि फक्त ६४ बिटमध्ये असते. म्हणून जुनं २०१५ किंवा २०१७ चं पॅकेज आधीपासून असलं तरी ती सापडत नाही. 'माझ्याकडे तर व्हिज्युअल सी++ आहे' असं म्हणणारे इथेच फसतात.

पॅकेज बहुधा तुमच्याकडे उतरलेलंच असेल. स्टीमॲप्स → कॉमन → स्टीमवर्क्स शेअर्ड → _कॉमनरीडिस्ट → व्हीसीरीडिस्ट. आत वर्षांची फोल्डर आहेत, त्यातलं सर्वांत नवं उघडा आणि एक्स६४ (६४ बिट) व एक्स८६ (३२ बिट) दोन्ही चालवा. 'रिपेअर' असा पर्याय आला तर तोच घ्या. मशीन एकदा रीस्टार्ट करा. तिथे २०१९ किंवा पुढचं फोल्डर नसेल तर मायक्रोसॉफ्टच्या अधिकृत पानावरूनच घ्या.

'डी३डीएक्स९_४३' किंवा 'एक्सइनपुट१_३' नाही असं म्हणत असेल तर हा उपाय लागू नाही. त्या जुन्या डायरेक्टएक्स ९ च्या काळातल्या फाइल्स आहेत. विंडोज ११ मध्ये डायरेक्टएक्स १२ असलं तरी त्या सोबत येत नाहीत, त्यासाठी जून २०१० चा डायरेक्टएक्स एंड-यूजर रनटाइम वेगळा टाकावा लागतो.

आणि रिफंडचं घड्याळ लक्षात ठेवा. खरेदीपासून १४ दिवसांच्या आत आणि २ तासांपेक्षा कमी खेळलेला असेल तर स्टीम पैसे परत देतं. पण 'खेळलेला' म्हणजे गेम चालू असलेला वेळ. लाँचर उघडा पडला, किंवा एरर खिडकी तशीच ठेवून तुम्ही जेवायला गेलात, तरी मिनिटं मोजली जातात. म्हणून प्रत्येक प्रयत्नानंतर लायब्ररीत हिरवं 'प्ले' परत दिसतंय ना, बघा; निळं 'स्टॉप' दिसत असेल तर ते दाबा.

---

तिसरा_कप्पा

धाग्याला थोडा फाटा फोडते. माझा जुना गेम (२००९ च्या सुमाराचा) चालतो, पण सेव्ह होत नाही. व्हेरिफाय केलं, सगळं ठीक. विंडोजचं यूजर अकाउंट मराठीत, देवनागरीत नाव टाकून केलेलं आहे. त्याचा संबंध असेल का?

---

रनटाइम_रात्रपाळी

ताई, शंभरपैकी नव्वद वेळा तोच संबंध असतो.

लोकल अकाउंट देवनागरी नावाने केलं की सी ड्राइव्हच्या यूजर्स फोल्डरात तुमचं घरही देवनागरी नावाचं बनतं, आणि डॉक्युमेंट्स त्याच्या आत. जुने गेम फाइलचा पत्ता युनिकोडमध्ये (सगळ्या लिप्या सामावणारी पद्धत) घेत नाहीत, विंडोजच्या जुन्या कोड पेजमध्ये (ठरावीक लिपीपुरता अक्षरसंच) घेतात. देवनागरीसाठी विंडोजमध्ये तसं कोड पेज कधी नव्हतंच, मराठी आणि हिंदी थेट युनिकोडवरच आल्या. म्हणून गेमला तुमच्या नावाच्या जागी '?????' मिळतं, आणि प्रश्नचिन्ह हे विंडोजमध्ये फाइलच्या नावात चालत नाही. पत्ता खोटा ठरतो, सेव्ह होत नाही. सिस्टम लोकेल (जुन्या प्रोग्रामांसाठीची भाषा) मराठी करूनही काही होत नाही, ते याचमुळे.

अकाउंटचं नाव बदलून उपयोग नाही. दिसणारं नाव बदलतं, फोल्डरचं तेच राहतं. रजिस्ट्रीत शिरून फोल्डरचं नाव बदलायचे व्हिडिओ आहेत, त्यांच्या नादी लागू नका. अर्धी सॉफ्टवेअर जुना पत्ता धरून बसतात. सेटिंग्ज → अकाउंट्स → अदर यूजर्समधून रोमन लिपीत, जागा न सोडता, नवं लोकल अकाउंट करा आणि गेम तिथून चालवा. गेम लायब्ररीच्या फोल्डरचं नावही रोमन ठेवा.

दुसरी वाट: टाइम अँड लँग्वेज → लँग्वेज अँड रीजन → ॲडमिनिस्ट्रेटिव्ह लँग्वेज सेटिंग्ज → चेंज सिस्टम लोकेल, तिथे 'बीटा: यूज युनिकोड यूटीएफ-८' अशी टिक आहे. काही गेम तेवढ्याने चालतात. पण त्याच मशीनवर जुन्या, बिगर-युनिकोड मराठी फाँटांवर छपाईचं काम होत असेल तर ती टिक लावू नका, त्या सॉफ्टवेअरमधला मजकूर बिघडू शकतो.

आधी एक स्वस्त तपासणी: वर ज्याचा उल्लेख आलाय ते 'कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस' सुरू असेल तरी डॉक्युमेंट्समध्ये सेव्ह अडतं. विंडोज सिक्युरिटी → व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन → रॅन्समवेअर प्रोटेक्शन. सुरू असेल तर गेमची एक्झी फाइल परवानगीच्या यादीत टाका, आख्खं संरक्षण बंद करू नका.

---

सातवी_गल्ली

डेटा निघाला, दोन फाइल्स सोडून सगळा. छोटा गेम सी वर हलवून व्हेरिफाय केला, एक फाइल नव्याने उतरली. २०२२ च्या फोल्डरातलं एक्स६४ आणि एक्स८६ चालवलं, गेम सुरू झाला.

मोठ्यासाठी एक शेवटचं: खालच्या मजल्यावर मित्राकडे तोच गेम पूर्ण उतरलेला आहे. माझा या महिन्याचा डेटा संपत आलाय. त्याच्याकडून घेता येईल?

---

बिटबाइट

येईल, दोन प्रकारे. गेम तुमच्या स्वतःच्या खात्यावर असणं दोन्हीत आवश्यक आहे.

एकाच राउटरवर दोन्ही मशीन आणता आली तर स्टीममध्येच सोय आहे, २०२३ मध्ये आली. दोघांनी सेटिंग्ज → डाउनलोड्समध्ये 'गेम फाइल ट्रान्सफर ओव्हर लोकल नेटवर्क' सुरू करायचं, मित्राने परवानगी 'फ्रेंड्स'वर ठेवायची, आणि तुम्ही स्टीमवर त्याच्या यादीत असायला हवं. विंडोजमध्ये नेटवर्क 'प्रायव्हेट' ठेवा, 'पब्लिक'वर फायरवॉल अडवतं. त्याचा गेम आधी अपडेट केलेला असू द्या. वायफायऐवजी लॅन केबल लावलीत तर गिगाबिट राउटरवर सेकंदाला ११० एमबीपर्यंत जातं, ८४ जीबी पंधरा मिनिटांच्या आत.

नाहीतर पेनड्राइव्ह किंवा चांगली डिस्क. एफएटी३२ फॉरमॅट नको, त्यात ४ जीबीपेक्षा मोठी फाइल बसत नाही आणि तुमची पॅक फाइल ११ ची आहे. त्याच्या स्टीमॲप्स → कॉमनमधलं त्या गेमचं आख्खं फोल्डर घ्या, तुमच्या सी वरच्या स्टीमॲप्स → कॉमनमध्ये त्याच नावाने ठेवा. नावात एका अक्षराचाही फरक नको. मग लायब्ररीत इन्स्टॉल दाबा, सी निवडा. स्टीम आधी असलेल्या फाइल्स ओळखून तपासेल आणि जे कमी आहे तेवढंच नेटवरून घेईल. क्रम उलटा झाला, म्हणजे आधी इन्स्टॉल दाबून डाउनलोड सुरू झाला, तर पॉज करून कॉपी करू नका. अनइन्स्टॉल करा, फोल्डर ठेवा, पुन्हा इन्स्टॉल दाबा. तपासणीत दहा-पंधरा मिनिटं टक्का हलत नाही असं वाटलं तरी मध्ये थांबवू नका.